मुद्दाम हरलेले डाव

३ मार्च १९८५, रविवार

आजपासून रोजनिशी. हेतू पहिल्याच पानावर लिहून ठेवतो. सिरोंचाला जायचं नाही.

परिस्थिती अशी. आमच्या ऑफिसात मे अखेरीला बदल्यांची लिस्ट निघते. एकाच टेबलावर मी फार वर्षं आहे, त्यामुळे यंदा माझा नंबर, असं सगळे म्हणतात. रिकामी जागा एकच, सिरोंचा. गडचिरोलीच्याही पार खाली, गोदावरीच्या काठी, पलीकडे आंध्र. पावसाळ्यात रस्ता बंद.

उत्तरा कॉर्पोरेशनच्या शाळेत शिकवते. आत्ता कुठे परमनंट झाली, तिला नागपूर सोडता येत नाही. आईला काचबिंदू. एक डोळा गेला, दुसरा वाचवायचा आहे. संध्याकाळचे थेंब वेळेवर पडले पाहिजेत आणि मधून मधून डॉक्टरांकडे प्रेशर तपासायला न्यावं लागतं. ही दोन्ही कामं माझ्याकडे, कारण उत्तराची शाळा दुपारची, घरी यायला तिला दिवेलागण होते.

उत्तराचं म्हणणं, साहेबांकडे जा आणि एक वाक्य बोला. 'आईचा डोळा जाईल, मला हलवू नका.' झालं. तिला ऑफिस म्हणजे काय ते माहीत नाही. मागून काही मिळत नसतं. आधी साहेबांच्या मनात बसावं लागतं.

आणि संधी चालून आली आहे. साहेबांच्या मुलाने अमेरिकेतून टीव्हीवर खेळायचा गेम पाठवला. खेळायला जोडीदार नाही. मी लहानपणी टेबल टेनिस खेळलेलो आहे. (जेवणाच्या टेबलावर. नियम तेच.) रोज संध्याकाळी बंगल्यावर जायचं. जो रोजचा गडी, त्याची बदली साहेब करतील कशाला? स्वतःच्या करमणुकीवर कोणी पाणी सोडतं का?

निश्चय: पाडव्याच्या आत काम फत्ते.

५ मार्च, मंगळवार

पहिला दिवस. यशस्वी.

महाल भागातल्या घरून रामदासपेठ, सायकलने. साहेब म्हणजे गणपतराव, मूळचे काटोलकडचे. ऑफिसात टायमध्ये आणि कडक शुद्ध बोलण्यात असतात, घरी बनियनवर आणि वऱ्हाडीत. पेपर वाचत होते. मला पाहिलं आणि पेपर बाजूला ठेवला. लगेच पेटी काढली! बिचारे किती वाट पाहत असतील.

खेळ सोपा आहे. पेटीची वायर टीव्हीच्या मागे. दोघांच्या हातात एकेक डबी, डबीवर नॉब. नॉब फिरवला की पडद्यावरची पांढरी फळी वर-खाली होते. मधून चौकोनी चेंडू येतो. त्याला फळी लावायची. चुकला की समोरच्याला पॉइंट, आणि पेटी 'टुंग' करते.

सगळे डाव हरलो. अर्थात मुद्दाम. साहेबांना पहिल्याच दिवशी हरवणारा माणूस मूर्ख. पहिले दोन डाव जरा नॉबचा अंदाज घेण्यात गेले, पण त्यानंतरचे सगळे मुद्दाम.

शोभाताईंनी, म्हणजे साहेबांच्या बाईंनी, चहा दिला. घरी सगळं बरं आहे ना, असं साहेबांनी विचारलं. आपल्या कृपेने सगळं उत्तम, म्हणालो. पहिल्याच भेटीत रडगाणं गाणारे लोक मी पाहिले आहेत. ते सगळे आज गडचिरोलीत आहेत.

घरी आलो तर आईच्या थेंबांची वेळ टळून गेली होती. उत्तराने घातले. तिने विचारलं, बोललात? म्हटलं, पाया घातला.

९ मार्च

हरण्याचं शास्त्र. आजवर कोणी लिहिलेलं नसावं.

(अ) सहज हरू नये. साहेबांना शंका येते.
(आ) चेंडू फळीच्या मधोमध लागला तर सरळ जातो, टोकाला लागला तर तिरका. तिरका चेंडू साहेबांना द्यायचा नाही. तसा तो माझ्याकडून जातच नाही, हा संयम.
(इ) पॉइंट गेला की कपाळाला हात लावावा आणि 'वा साहेब!' म्हणावं. 'वा साहेब' चेंडू जाण्याच्या आधी म्हणू नये. आज एकदा तसं झालं. साहेब माझ्याकडे बघत राहिले.

१३ मार्च

मनगटाची प्रॅक्टिस हवी. मुद्दाम हरायचं तरी हात आपल्या कंट्रोलमध्ये पाहिजे. घरी नॉब कुठला? रेडिओचा! स्टेशनचा काटा वर-खाली न्यायचा, अगदी फळीसारखा. सकाळी पाऊण तास केला.

आई पलंगावर बसून कीर्तन ऐकत होती. म्हणाली, 'अनंता, बुवा द्रौपदीपाशी आले होते रे, आता हे गहू-हरभऱ्याचे भाव कुठून आले?' तिला नीट दिसत नाही तेव्हापासून रेडिओच तिचा सोबती. म्हटलं, हवामान खराब आहे.

उत्तरा म्हणाली, हवामान चांगलं आहे, ते खराब झालेलं तुमच्या डोक्यात आहे.

१७ मार्च, रविवार

मोठी प्रगती! साहेबांनी कामगिरी सोपवली. गेमसोबत इंग्रजी पुस्तिका आली आहे. शोभाताईंना इंग्रजी वाचायचा कंटाळा, तर मराठीत करून द्या म्हणाले. यालाच विश्वास म्हणतात. ऑफिसातला मराठी पत्रव्यवहार माझ्याच टेबलावरून जातो, तेव्हा योग्य माणूस निवडला.

दिवसभर बसून पूर्ण केलं. नमुना:

'१. सदर खेळ दोन खेळाडूंमध्ये खेळावयाचा असून प्रत्येक खेळाडूकडे एक फळी सुपूर्द करण्यात येईल. २. चेंडू फळीस लागल्यास तो विरुद्ध बाजूकडे पुढील कार्यवाहीस्तव वर्ग होईल. ३. चेंडू अडविण्यात कसूर करणाऱ्या खेळाडूविरुद्ध एक गुण नोंदविण्यात येऊन त्याबाबत त्याची कोणतीही तक्रार विचारात घेतली जाणार नाही.'

बारा कलमं झाली. खाली सहीसाठी जागा सोडली.

आईचे थेंब याच गडबडीत संध्याकाळचे रात्री घातले. थेंब तेच आहेत.

१८ मार्च

शोभाताईंनी मोठ्याने वाचून दाखवलं. हसता हसता त्यांना ठसका लागला. म्हणाल्या, 'अहो, हे खेळायचं आहे की याच्यावर अपील करायचं आहे?' साहेबही खूप हसले. मन मोकळं झालं की असं होतं. हीच वेळ होती वाक्य बोलण्याची. पण माणूस हसत असताना त्याला डोळ्याच्या आजाराचं सांगणं बरं दिसत नाही.

उद्या.

२२ मार्च, पाडवा

उत्तराने पुरणपोळ्या केल्या. चारलाच निघालो, कारण सणाच्या दिवशी हजेरी जास्त मोजतात. आई म्हणाली, गुढी उतरवायला तरी थांब. उत्तराने स्टूल जवळ ओढलं. स्टुलावर चढून तीच उतरवेल.

बंगल्यावर साहेबांचे भाऊबंद आले होते. खेळ झाला नाही. कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून राहिलो. शोभाताईंनी पानात पोळी वाढली आणि विचारलं, घरचे कुठे गेले का हो? म्हटलं, नाही, घरचं सगळं उत्तम. साहेबांनी माझ्याकडे फार मायेने पाहिलं. मनात बसलो!

पाडव्याच्या आत फत्ते व्हायचं होतं ते झालं नाही. पण पाडवा हा आरंभाचा दिवस असतो, शेवटाचा नव्हे. नवी मुदत: रामनवमी.

२ एप्रिल

रामनवमी झाली. (३० तारखेला. लक्षात राहिलं नाही.)

आज ऑफिसात एक हिडीस प्रकार. बाबाराव माझ्या शेजारच्या टेबलावर बसतो. यंदा त्याचंही नाव बदलीत आहे असं ऐकतो. साहेब जिना चढत होते आणि या माणसाने त्यांना पायरीवरच गाठलं. चपराशी, पब्लिक, सगळ्यांसमोर. म्हणाला, 'साहेब, पोरीचं लगन आहे मंगसीरमधी. मले हलवू नका जी. मी तिकडं मेलो तं लगन कोण करन?' साहेब म्हणाले, पाहतो. आणि पुढे गेले.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. काही पत आहे की नाही?

बाबाराव जागेवर येऊन पान लावत बसला. मला म्हणाला, 'काहून गा अनंता, तू तं रोज सांजेले तिथं डबी फिरवून राहिला म्हणते. बोलला का आईचं?' म्हटलं, मी योग्य वेळेची वाट पाहतोय. म्हणाला, 'योग्य येळ पाहाले तू काय मुंज लावून राहिला? तोंड उघड अन् सांग. मले एक मिनिट लागला.'

अशा लोकांना सिरोंचाच मिळतो. बघू या.

१० एप्रिल

गरमी. कूलरमध्ये वाळा नवा घातला आहे साहेबांकडे, झकास वास. आज पेटीतला दुसरा खेळ काढला, भिंतीचा. हा एकट्याने खेळायचा. वर विटांची भिंत, खाली आपली फळी. चेंडू मारून एकेक वीट उडवायची. युक्ती अशी की एका कडेने भोक पाडायचं, मग चेंडू वर जाऊन आपोआप भिंत फोडत बसतो, आपण फक्त पाहायचं. मी साहेबांना ही युक्ती समजावून दिली. स्वतः करून दाखवली नाही. (चेंडू कडेला जात नव्हता.)

ठरवलं होतं, साहेबांची भिंत पूर्ण फुटली की त्या आनंदात वाक्य बोलायचं. शेवटच्या चार विटा उरल्या. मी वाक्य मनात जुळवलं. 'साहेब, आईचा' इतपत ओठांवर आलं, आणि लाइट गेली.

कूलर बंद, टीव्ही बंद, खोलीत अंधार आणि आम्ही दोघंच. शोभाताई कंदील शोधायला गेल्या. साहेब आपण होऊन म्हणाले, 'अनंतराव, बाकी काय म्हणता? घरचं, आईचं?'

म्हटलं, सगळं उत्तम, साहेब.

कारण असं की अंधारात चेहरा दिसत नाही. विनंतीत चेहऱ्याचा भाग निम्मा असतो. मग मी त्यांना तिरक्या चेंडूचं सांगत बसलो. लाइट येईपर्यंत सांगत होतो. साहेबांना डुलकी लागली होती असं शोभाताई म्हणाल्या, पण ते डोळे मिटून ऐकत असावेत.

१८ एप्रिल

आज थोडा गोंधळ.

आईला डॉक्टरांकडे न्यायचं होतं. दवाखाना रामदासपेठेतच, साहेबांच्या बंगल्यापासून दोन गल्ल्या. एका रिक्षात दोन्ही कामं! मला ही योजना इतकी आवडली की वाटेत आईला समजावून सांगितली. आई म्हणाली, बरं.

दवाखान्यात गर्दी होती. आईला बाकावर बसवलं, कंपाउंडरला सांगितलं, आणि एक डाव खेळून येतो म्हणून निघालो. एक डाव लवकर संपला म्हणून दुसरा. त्यात साहेब एवढे रंगात आले की मधेच डबी खाली ठेवून पन्हं पिऊ लागले, त्यांची फळी तशीच उभी. मी शिस्त सोडली नाही. तशातही हरलो.

परत आलो तर दवाखान्याला कुलूप. बाकावर कोणी नाही. घरी आलो. कंपाउंडरने उत्तराच्या शाळेत फोन केला होता. ती येऊन आईला घेऊन गेली. आईचं नाव तीन वेळा पुकारलं म्हणे. मी येईन म्हणून आई उठलीच नाही.

उत्तरा माझ्याशी बोलत नाही. आई म्हणाली, 'तू कामात होतास, मी सांगितलं तिला.' बघा, आईला कळतं.

२३ एप्रिल

उत्तरा रजा काढून आईला घेऊन गेली. प्रेशर वाढलेलं आहे. डॉक्टरांनी विचारलं, थेंब वेळेवर घालता का? उत्तरा म्हणाली, यापुढे घालू. मला हे घरी येऊन सांगितलं, आवाज न चढवता. नंतर म्हणाली, 'तुम्ही गेलात तर हे सगळं मी एकटीने कसं करायचं? म्हणून म्हणते, बोला. नाहीतर मी जाऊन शोभाताईंना सांगते.'

निक्षून नाही म्हटलं. दोन महिन्यांची माझी मेहनत आणि ऐन वेळी बायको जाऊन पदर पसरणार? साहेबांच्या नजरेत मी काय राहीन?

पण एक पटलं. केवळ हरून भागणार नाही. हरणारा माणूस कुठेही मिळतो. आता एक डाव जिंकायचा. साहेब चमकतील. म्हणतील, हा माणूस इतके दिवस माझ्यासाठी हरत होता! मग वाक्य न बोलताच काम होईल.

२७ एप्रिल

जिंकायला खेळलो. हरलो. नॉबला घाम लागतो.

२९ एप्रिल

रुमाल नेला. हरलो. रुमालाने नॉब जास्त फिरतो.

१ मे

ऑफिसला सुटी. दुपारपासून बसलो. शोभाताई दोनदा म्हणाल्या, मराठी बातम्या पाहायच्या होत्या. त्यांचा विनोदी स्वभाव. साहेब एका डावात खिडकीतून माळ्याशी बोलत होते, पाठ पडद्याकडे. तरी माझी फळी नेमकी चेंडूच्या विरुद्ध दिशेला जाते. पेटीत काहीतरी दोष असावा. अमेरिकन व्होल्टेज वेगळं असतं.

५ मे, रविवार

आनंदाची बातमी! साहेबांचे व्याही महादेवराव अमरावतीहून येणार आहेत, सोबत विहीणबाई इंदुताई. महादेवराव मोठे बढाईखोर. त्यांच्याकडेही अशीच पेटी आहे, कारण पाठवणारा मुलगा यांचा, सून त्यांची. ते आपल्या दोन डब्या आणणार, मग जोडीने खेळायचा चार डब्यांचा खेळ होणार. शोभाताई म्हणाल्या, मी नाही बाई त्या नादात पडत. साहेब माझ्याकडे वळून म्हणाले, 'मग अनंतराव, तुम्हीच बसा माझ्याकडून. आता कोणाले शोधू?'

आता कोणाला शोधू! म्हणजे माझ्याखेरीज कोणी नाही.

उत्तराला सांगितलं. म्हटलं, व्याह्यांसमोर साहेबांची मान उंच केली की मग सिरोंचाचं नाव काढायची कोणाची हिंमत आहे? ती डाळ निवडत होती. निवडत राहिली.

निश्चय: आठवडाभर कडक प्रॅक्टिस. रेडिओचा काटा सुटला आहे, तो आधी बसवून आणायचा. आईला तोवर कीर्तन नाही. म्हणाली, चालेल.

१२ मे, रविवार

लिहायची इच्छा नाही. पण रोजनिशी म्हणजे शिस्त.

जोडीच्या खेळात एका बाजूला दोन फळ्या असतात, एक मागे, एक पुढे. साहेब मागे, मी पुढे. समोर महादेवराव मागे आणि इंदुताई पुढे. इंदुताई एका हाताने वारा घेत होत्या, दुसऱ्या हातात डबी.

पहिला चेंडू माझ्या फळीला चुकवून साहेबांकडे गेला. साहेबांनी अप्रतिम मारला. तो माझ्या फळीच्या पाठीला लागला आणि परत साहेबांच्या अंगावर. टुंग. त्यांना पॉइंट.

असं पुस्तिकेत होतं का? असेल. कलम नववं असावं. भाषांतर करताना माणूस भाषेकडे बघतो.

मग मी फळी वाटेतून काढायला गेलो की साहेब नेमके तिकडूनच मारत. मी वर, चेंडू वर. मी खाली, चेंडू खाली. आयुष्यात पहिल्यांदा माझी फळी दर वेळी चेंडूला लागत होती. फक्त मागून.

महादेवराव हसून लोळायचे बाकी राहिले. म्हणाले, 'व्याही, हा माणूस तुमच्याकडचा आहे की आमच्याकडचा?' इंदुताई म्हणाल्या, 'असं नका म्हणू जी. शोभाताई, आमच्या अमरावतीले न्यायचं का यांले? आमचा स्कोर बरा होईल.' शोभाताईही हसल्या. साहेब हसले नाहीत.

एकही पॉइंट मिळाला नाही.

'वा साहेब' आज म्हणायला नको होतं. सवयीने निघून गेलं.

१३ मे

साहेब ऑफिसात नेहमीसारखे. चिडलेले असतील या भीतीने फाइल चपराशाबरोबर पाठवली. तर बोलावून घेतलं आणि म्हणाले, 'अहो, कालचं मनावर घेऊ नका. खेळ आहे तो.' म्हणजे संबंध शाबूत आहेत! उलट दुःख वाटून घेतल्याने घट्ट झाले.

संध्याकाळी गेलो नाही. एक दिवस विश्रांती. आईचे थेंब मी घालायला गेलो तर उत्तराने आधीच घातले होते.

२० मे

पुन्हा जातो आहे रोज. आज वाक्य बोलायचंच असं ठरवून सायकल काढली. वाटेत बर्डीच्या चौकात घोकलं. बंगल्यावर पोचलो तर बाबाराव व्हरांड्यात! मुलीच्या लग्नाची तारीख पक्की झाली म्हणून पेढे घेऊन आला होता. साहेब त्याच्याशी हुंड्याचं, मांडवाचं, आचाऱ्याचं बोलत होते, घरच्यासारखं. बाबाराव मला म्हणाला, 'बस गा. तुलेही काही सांगायचं असन तं सांगून टाक, साहेब मोकळेच आहेत.'

डोळा मारला वर. त्याच्यादेखत सांगणं म्हणजे त्याच्या रांगेत बसणं. म्हटलं, छे, मी सहज आलो. साहेब म्हणाले, 'हो, हे आपले रोजचेच.' आणि पेटी काढायला उठले. उठताना 'आई गं' म्हणाले. गुडघे असतील.

हरलो.

२५ मे

ऑफिसात कुजबुज. लिस्ट टाइप होते आहे. साहेबांनी माझ्याकडे पाहून मान हलवली. खूण होती.

उत्तराने विचारणं बंद केलं आहे. तिला धीर वाटू लागला असावा.

२८ मे, मंगळवार

लिस्ट लागली.

बाबाराव: नागपूर, आहे त्या जागी.

मी: सिरोंचा.

दुपारपर्यंत टायपिस्टची चूक असेल असं धरून चाललो. अडीच वाजता साहेबांच्या केबिनमध्ये गेलो. वाक्य बोललो. आईचा डोळा, उत्तराची शाळा, सगळं. इतकं सहज बोलता येतं हे माहीत नव्हतं.

साहेबांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. ऑफिसात असूनही घरच्यासारखं बोलू लागले. म्हणाले, 'अनंतराव, हे तुम्ही आज सांगता? सिरोंचाले जायला कोणी तयार नाही. ज्याले पाहावं त्याले घरची अडचण. बाबारावची पोरगी, कोणाचा बाप आजारी, कोणाची बायको पोटुशी. मी म्हटलं, एकच माणूस असा आहे, ज्याच्या घरी सगळं उत्तम आहे. दर वेळी विचारलं तुमाले. पाडव्यालेही तुम्ही माझ्याच घरी जेवले. शोभा तर म्हणे, बिचाऱ्याले घरी कोणी विचारत नसन, जाऊ द्या तिकडे, सुटला तरी.'

ऑर्डर वर सहीला जाऊन आली आहे. आता पुढच्या उन्हाळ्याशिवाय काही होत नाही.

मी विचारलं, आणि खेळ? आपला रोजचा खेळ?

साहेबांना समजेना मी काय विचारतो आहे. मग म्हणाले, 'तुमाले आवड होती म्हणून काढत होतो जी पेटी. माझे तर डोळे दुखत. शोभा म्हणे, एखादा डाव तरी जिंकू द्या त्यांले. मी किती वेळा डबी खाली ठेवली, माळ्याशी बोलत बसलो. पण तुम्ही काही जिंकले नाही.'

दाराशी पोचलो तेव्हा म्हणाले, तिकडे न्यायची असेल तर पेटी घेऊन जा. टीव्ही दिसत नाही तिथे, हे त्यांच्या लक्षात नव्हतं.

२९ मे

उत्तराला बदलीचं सांगितलं. बाकीचं नाही. ती म्हणाली, 'तीन महिने रोज जात होतात. काय बोलत होतात तिथे?'

आठवून पाहिलं. 'वा साहेब.' एकदा 'सुंदर मारलात.' घरचं उत्तम.

तिला म्हटलं, बरंच काही.

६ जून, गुरुवार

एसटी दुपारची. आधी गडचिरोली, पुढची उद्या. उत्तराने मुख्याध्यापिकेला सांगून सकाळची पाळी मागून घेतली आहे, संध्याकाळी आईजवळ राहता यावं म्हणून. मागितली आणि मिळाली. डॉक्टर म्हणतात, डोळ्याचं आता आहे तेवढं टिकलं तरी पुष्कळ.

होल्डॉल बांधला. पाया पडायला आईच्या खोलीत गेलो. ती पलंगावर दाराकडे तोंड करून बसली होती. मी अगदी पुढ्यात जाऊन उभा राहिलो. आईने मान वळवून स्वयंपाकघराकडे हाक मारली, 'उत्तरा, अनंता निघाला का गं?'

मी समोरच उभा होतो.